रिपोर्टात ‘अव्हॅस्क्युलर’ आलंय, मग रडायचं का पेढे वाटायचे?

पहिलंच सांगतो, मी डॉक्टर नाही. मिरजेत एका स्कॅन सेंटरवर रिपोर्ट टाईप करतो, चौदा वर्षं झाली. डॉक्टर आत बसून बोलतात, मी कानाला हेडफोन लावून बडवत असतो, त्यामुळं शब्द सगळे ओळखीचे झालेत आणि अर्थ डॉक्टरांना विचारून विचारून कळलेत. विचारलं की सांगतात बिचारे, फक्त गर्दी नसताना विचारायचं.

मागच्या हिवाळ्यात एकाच सकाळी दोन रिपोर्ट टाईप केले आणि दोन्हीत हा एकच शब्द होता. पहिला कवठेमहांकाळकडच्या एका ताईंचा, वय बत्तीस-तेहतीस. पाकीट जिन्यातच फोडलं, बरोबरच्या पोरानं मोबाईलवर शब्द टाकला, ‘रक्तपुरवठा नसलेला’ असं काहीतरी आलं आणि ताई तिथंच पायरीवर बसून रडायला लागल्या. दुसरा एक अडतीस वर्षांचा माणूस, पलूसकडचा, ट्रॅक्टरवाला. त्यानं पाकीट दुमडून खिशात घातलं, “हाडाचं कायतरी हाय, बगू निवांत” म्हणाला आणि खाली चहाला गेला.

खरं तर उलटं व्हायला पाहिजे होतं. ताईंचा रिपोर्ट चांगला होता, आणि त्या माणसानं त्याच दिवशी हाडाच्या डॉक्टरची पायरी चढायला पाहिजे होती. म्हणून म्हटलं एकदा बसून हे सगळं लिहूनच काढावं.

शब्द दिसतोय तेवढा अवघड नाही. लॅटिनमध्ये ‘व्हास’ म्हणजे भांडं आणि ‘व्हास्क्युलम’ म्हणजे छोटं भांडं, त्याच्यावरून रक्तवाहिन्यांशी संबंधित ते सगळं व्हॅस्क्युलर. पुढचा ‘अ’ ग्रीक, पण तो आपलाच समजा, अशक्य, अज्ञान, अपुरा ह्यातला जो ‘अ’ तोच, भाषावाले सांगतात की ग्रीक आणि संस्कृतचा हा ‘अ’ एकाच घरातला आहे. म्हणजे अव्हॅस्क्युलर = जिथं रक्तवाहिन्या नाहीत किंवा जिथं रक्त फिरत नाही. बास. आता हा शब्द नुसता ‘नाही’ एवढंच सांगतो, कुठं नाही आणि पहिल्यापासून नाही का आत्ता बंद झालंय ते सांगत नाही, आणि सगळी गंमत तिथंच आहे. माळावर पाणी नाही म्हटलं तर कोण दचकत नाही, तळघरात पाणी नाही म्हटलं तर बरंच वाटतं (२०१९ चा पूर ज्यांनी सांगलीत बघितलाय त्यांना विचारा), पण उभ्या उसाला पाणी नाही म्हटलं की पोटात गोळा येतो. शब्द तोच.

आधी माळ घेऊ. आपल्या अंगात बऱ्याच जागा अशा आहेत की जिथं जन्मापासून रक्तवाहिनी जातच नाही. डोळ्याचं बुबुळ, म्हणजे पुढची काचेसारखी पारदर्शक चकती, कॉर्निया. त्यात रक्तवाहिन्या असत्या तर आपल्याला सगळं जाळीतून बघितल्यासारखं दिसलं असतं. मग ती जगते कशावर? ऑक्सिजन बराचसा थेट हवेतून घेते, अश्रूंच्या थरातून, आणि बाकीचं खाणंपिणं आतल्या पाण्यातून. म्हणूनच कॉन्टॅक्ट लेन्स घालून झोपू नका म्हणतात, बुबुळाचा श्वास कोंडतो. आणि रक्त तिथवर जात नाही म्हणून शरीराचे पहारेकरीही तिथं कमी पोचतात, त्यामुळं दुसऱ्याचं बुबुळ बसवलं तर ते परकं म्हणून हाकलून द्यायचं प्रमाण इतर अवयवांपेक्षा बरंच कमी असतंय. किडनी बदलायला जमायच्या कितीतरी आधी, १९०५ साली, एडुआर्ड झिर्म नावाच्या डॉक्टरनं एका माणसाला दुसऱ्याचं बुबुळ बसवून दाखवलं होतं. नेत्रदानाला रक्तगट जुळवत बसत नाहीत त्याच्यामागंही हेच.

तसंच नखं, केस, कातडीचा सगळ्यात वरचा थर. दाढी करताना वरवर खरवडलं तर रक्त येत नाही, खोल गेलं की येतं, कारण वरच्या थरात वाहिन्याच नाहीत. मणक्यातली गादी पण मोठेपणी जवळजवळ तशीच. सांध्यातली कूर्चा पण तशीच, ती सांध्यातल्या वंगणावर जगते, दाबलं की पिळते आणि सोडलं की शोषून घेते, स्पंजासारखी.

हितं आमच्याकडच्या पैलवान लोकांचा विषय येतो. कुस्तीत, कबड्डीत गुडघा पिरगळला की एमआरआयला येतात आणि रिपोर्टात मेनिस्कस फाटलाय असं येतं. हा मेनिस्कस म्हणजे गुडघ्यात दोन हाडांच्या मधी बसलेली चंद्रकोरीसारखी गादी. तिच्या बाहेरच्या कडेला रक्त मिळतं, तिला डॉक्टर रेड झोन म्हणतात, आणि आतल्या कडेला मिळत नाही, ती व्हाईट झोन. बाहेरच्या कडेला फाटलं तर टाका घालून जुळायची शक्यता चांगली, आतल्या कडेला फाटलं तर जुळणं मुश्कील, कारण जखम भरायला जो गवंडी लागतो तो रक्ताबरोबरच येतो. दोघा पैलवानांचा गुडघा एकाच आखाड्यात एकाच दिवशी गेला आणि एकाचा बरा झाला, दुसऱ्याचा लांबला, तर वस्तादाच्या मालिशला नावं ठेवायच्या आधी फाटलं कुठं ते बघा.

आता ताईंचा रिपोर्ट. अंडाशयात पाण्याची छोटी गाठ, साधी सिस्ट, आणि लिहिलेलं होतं की आत रक्तप्रवाह दिसत नाही, अव्हॅस्क्युलर आहे. हे तळघरासारखं. तिथं पाणी नाही हीच चांगली बातमी. गाठीला वाढायचं असेल तर तिला खायला लागतं, खायला रक्त लागतं, म्हणून डॉक्टर कुठलीही गाठ दिसली की आधी बघतात आत रक्त फिरतंय का. साध्या पाण्याच्या फुग्यात कशाला फिरेल. पाळी चालू असलेल्या वयात असल्या साध्या गाठी बऱ्याचदा दोन-तीन महिन्यांत आपोआप जातात. पण एक, ह्याचा उलटा अर्थ काढून ‘रक्त नाही म्हणजे कॅन्सर नाही’ असं सर्टिफिकेट कुणी लावून घेऊ नका. तो एक धागा आहे, असे चार-पाच धागे बघून डॉक्टर ठरवतात, भिंत जाड आहे का, आत काही घट्ट भाग आहे का, वय काय वगैरे.

हे रक्त फिरतंय का नाही ते बाहेरनं कळतं कसं? डॉपलर. मिरज जंक्शनवर उभं राहिलेल्या कुणालाही हे माहीत आहे, फक्त नाव माहीत नसतं. गाडी हॉर्न देत येत असते तेव्हा आवाज बारीक, चढा असतो, आपल्यासमोरनं गेली की एकदम उतरतो. हॉर्न तोच, वाजवणारा तोच. ख्रिश्चन डॉपलर ह्या माणसानं हे १८४२ साली गणितानं मांडलं, आणि तीन वर्षांनी हॉलंडमध्ये एकानं चक्क रेल्वेत तुतारी वाजवणारे बसवून आणि रुळाच्या कडेला कान तयार असलेले गवय्ये उभे करून ते खरं करून दाखवलं. सतारी जिथं बनतात त्या आमच्या गावात हा प्रयोग व्हायला पाहिजे होता असं मला उगाच वाटतं, गाडी पण आहे आणि कान पण आहेत.

तर सोनोग्राफीचा प्रोब आवाज आत सोडतो, तो रक्तातल्या पेशींवर आपटून परत येतो, पेशी पुढं येत असतील तर चढा येतो, लांब जात असतील तर उतरलेला. मशीन त्याचे रंग करते. लाल म्हणजे शुद्ध रक्त आणि निळं म्हणजे अशुद्ध असं बऱ्याच जणांना वाटतं, तसं नाही ते, साधारण लाल म्हणजे प्रोबकडं येणारं आणि निळं म्हणजे लांब जाणारं. प्रोब फिरवला तर तीच नस निळ्याची लाल होते.

आणि हितं एक बारीक गोष्ट आहे जी मला टाईप करताना लै उशिरा कळली. डॉक्टर कधी म्हणतात “रक्तप्रवाह नाही” आणि कधी म्हणतात “रक्तप्रवाह दिसला नाही”. मला वाटायचं एकच, मी एकदा आपलं मनानं दुसऱ्याचं पहिलं करून टाकलं, वाक्य सुटसुटीत होतंय म्हणून. जे काय बोलणी खाल्ली त्या दिवशी! कारण रक्त अगदी हळू सरकत असेल, नस खोल असेल, पेशंट जाड असेल, मशीनचं सेटिंग जोरात वाहणाऱ्या रक्तासाठी लावलेलं असेल, तर रक्त असून पण दिसत नाही. गाडी मुंगीच्या चालीनं चालली तर हॉर्नचा सूर बदललेला कानाला कळेल का? तसंच. म्हणून ‘दिसला नाही’ असं असेल तर डॉक्टर बऱ्याचदा सेटिंग बदलून परत बघतात, दुसऱ्या बाजूशी ताडून बघतात, नाहीतर सीटी अँजिओ, म्हणजे नसांत औषध सोडून काढायचा स्कॅन, सांगतात, आणि लोक म्हणतात की पैशासाठी सांगितलं.

आता उभा ऊस.

रक्त पहिल्यापासून होतं आणि बंद झालं, ह्याच्यासाठी डॉक्टरांकडं चार-पाच वेगळे शब्द आहेत आणि ते एकमेकांच्या जागी वापरत नाहीत. शेतातलं घ्या. पाटाचं पाणी कमी आलं, ऊस दुपारी माना टाकतोय पण अजून हिरवा आहे, हा इस्केमिया. ग्रीकमध्ये रोखून धरणं आणि रक्त असे दोन शब्द जोडलेत. पाणी सोडलं की परत उभा राहतो. मग एक चारीच बुजली आणि तिच्यावरचा तेवढाच तुकडा वाळून गेला, बाकी रान हिरवंगार, तो तुकडा म्हणजे इन्फार्क्ट. वाळण्याची जी क्रिया, पेशी मरण्याची, ती नेक्रोसिस. आणि मेलेलं काळं पडलं, कधी वरनं कुजायलाही लागलं की गँगरीन. अॅनिमिया ह्या रांगेत बसत नाही, तिथं पाणी भरपूर येतंय पण पाण्यात दम नाही.

पाणी अडतं कशानं? पाईपात गाळ बसत बसत, नाहीतर एकदम लांबून एक खडा वाहत येऊन तोंडाशी अडकून. जागेवर तयार झालेली गुठळी ती थ्रॉम्बस, वाहत आलेली ती एम्बोलस, हे शब्द रुडॉल्फ फिरखो ह्या जर्मन डॉक्टरनं एकोणिसाव्या शतकात चालवले. तासगावकडं ज्यांच्या द्राक्षबागा आहेत त्यांना गाळ कसा बसतो ते सांगायला नको, ड्रीपर चोकअप झाले की अॅसिड ट्रीटमेंट करतो, तसं हार्ट अटॅकला गुठळी विरघळवायचं इंजेक्शन असतं, आणि नळीत तार घालून फुगा फुगवून वाट मोकळी करायची ती अँजिओप्लास्टी.

किती वेळ हे अवयवावर आहे. मेंदू सगळ्यात नाजूक, रक्त पूर्ण थांबलं तर दहाएक सेकंदात शुद्ध जाते आणि चार-पाच मिनिटांत कायमचं नुकसान सुरू होतं. हृदयाचा स्नायू वीस-तीस मिनिटांनी मरायला लागतो आणि पुढचे काही तास मरत राहतो, म्हणून छातीत दुखल्यावर सोडा पिऊन ढेकर यायची वाट बघत बसणारा माणूस एकेक सरी वाळवत असतो. हातापायाचा स्नायू साधारण चार ते सहा तास काढतो.

ते सहा तास मला एका पोरामुळं पाठ झाले. जतकडचं पोरगं, चौदा वर्षांचं, रात्री बाराला आणलेलं. दुखायला लागलेलं सकाळी शाळेत. पोटात दुखतंय म्हणून सांगितलं, ओवा दिला, गोळी दिली, उलटी झाली, पित्त म्हणाले. संध्याकाळी आजीला कायतरी शंका आली म्हणून चड्डी बघितली तर एक बाजू सुजून टम्म आणि लाल. अंडकोषाला पीळ पडला होता. लाजेनं बोललं नव्हतं ते, आणि बापापुढं कसं बोलेल.

असल्या पिळात काय होतं बघा, शिरेची भिंत मऊ असते म्हणून ती आधी दबते, धमनी जाड असते म्हणून ती थोडा वेळ चालू राहते. म्हणजे पाणी येतंय पण उतरत नाही. नदीकाठच्या रानाचं जसं चिबड होतं. आत दाब वाढत जातो, सूज येते, आणि शेवटी येणारं पाणी पण थांबतं. डॉपलरवर चांगल्या बाजूला लाल-निळं नाचत होतं आणि दुखऱ्या बाजूला काहीच नाही, काळंकरडं. डॉक्टर मला म्हणाले, टाईप नंतर कर, आधी फोन लाव ऑपरेशनवाल्यांना. सहा तासांच्या आत पीळ सोडवला तर बहुतेक वेळा अंडकोष वाचतो, जसजसा वेळ जाईल तशी आशा कमी. ह्याचे चौदा-पंधरा तास झालेले. एक बाजू काढावी लागली. दुसऱ्या बाजूला टाके घालून बसवली म्हणजे तिला पीळ पडणार नाही, आणि एकीवर पुढं लग्न, पोरंबाळं सगळं नीट होऊ शकतं, तेवढं डॉक्टरांनी आजीला आणि बापाला बाहेर येऊन सांगितलं. ज्यांच्या घरात दहा ते अठरा वयाची पोरं आहेत त्यांनी एकदा पोराला बाजूला घेऊन सांगून ठेवा की तिथं एकदम दुखलं तर शाळेतनं पण फोन करायचा, लाजायचं नाही.

रक्त थांबायचं आणखी एक कारण आपल्या हातानं केलेलं असतंय. हात मोडला की अजून बरेच लोक हाडवैद्याकडं नेऊन कामट्या घट्ट बांधून आणतात. प्लास्टर पण घट्ट होऊ शकतं, हाडवैद्यालाच कशाला बोला. आत सूज वाढते, बाहेर जागा नाही, मग दाब इतका होतो की स्नायूतलं बारीक नसांतलं रक्त थांबतं. बोटं थोडी सरळ केली तरी पोरगं बोंबलतं, बधिर होतात, पांढरी पडतात. आणि फसवी गोष्ट ही की मनगटाला नाडी लागत असते, म्हणून लोक निवांत राहतात. मोठा पाट वाहतोय पण सऱ्यांत पाणी शिरत नाही अशी गत. तिथं रात्र काढायची नाही, लगेच जाऊन सैल करून घ्यायचं. नाहीतर नंतर हात पक्ष्याच्या पंजासारखा आखडतो तो आखडतोच.

आणि कडबाकुट्टीत बोट गेलं तर (दर वर्षी ऐकतोच आपण) तुटलेलं बोट थेट बर्फात टाकू नका. स्वच्छ ओल्या कपड्यात गुंडाळून, प्लास्टिकच्या पिशवीत बंद करून, ती पिशवी बर्फाच्या पाण्यात. बोटात स्नायू नसतो म्हणून गार ठेवलं तर ते बरेच तास टिकतं, बर्फाला थेट लागलं तर मात्र गारठ्यानंच खराब होतं.

आता हाड. हाडाला रक्त लागतं हेच बऱ्याच लोकांना पटत नाही, त्यांना वाटतं हाड म्हणजे खांब. पण हाड जिवंत असतंय, आणि हाडांतली काही टोकं कॅनॉलच्या टेलला, म्हणजे पार शेवटच्या टोकाला आहेत. म्हैसाळ योजनेच्या पाण्याची वाट बघत ज्यांनी वर्षं काढलीत त्यांना टेल म्हणजे काय ते माहीत आहे, वर कुणी मोटर टाकली, कुठं पाट फुटला, की पहिली बोंब टेलला. मांडीच्या हाडाचं डोकं, जे खुब्यात बसतं, तो गोल चेंडू, त्याला रक्त मुख्यतः हाडाच्या मानेवरनं, म्हणजे चेंडूखालच्या निमुळत्या भागावरनं, चढत येणाऱ्या बारीक वाहिन्यांतनं मिळतं, दुसरी मोठी सोय नाही. म्हाताऱ्या माणसाचं हे हाड त्या मानेत मोडलं, किंवा अपघातात खुबा निखळला की ह्या वाहिन्या तुटतात. मनगटातलं एक काजूएवढं होडीच्या आकाराचं हाड आहे, स्कॅफॉइड, त्यात तर रक्त पुढच्या टोकानं शिरून मागं येतं, उलट्या दिशेनं, मधी मोडलं की मागचा तुकडा कोरडा. गाडीवरनं पडताना हात टेकला आणि अंगठ्याच्या बुडाशी, तपकीर ठेवायचा जो खळगा पडतो ना तिथं दाबल्यावर दुखतंय, तर पहिला एक्स-रे नॉर्मल आला तरी दहा-पंधरा दिवसांनी परत काढायला सांगतात तो उगाच नाही.

पण मोड नसताना पण होतं, आणि आमच्या मामाचं तसंच झालं. वय त्रेचाळीस. गुडघा दुखतोय म्हणून सुरुवात. एक्स-रे गुडघ्याचा, नॉर्मल. गुडघ्यात इंजेक्शन, तेल, शेक. मग कुणीतरी सांगितलं म्हणून एका ठिकाणच्या पुड्या सुरू केल्या, लै गुण आला म्हणून आठ महिने खाल्ल्या, तोंड गोल झालं, आम्ही म्हणायचो मामा तब्येत सुधारली. तसल्या पुड्यांत बऱ्याचदा स्टेरॉइड असतंय, गुण त्याचाच, आणि गोल तोंड पण त्याचंच. घरातल्या लग्नात पंगतीला बसले तर डाव्या पायाची मांडी पडेना. खुर्ची मागून घेतली. आम्ही हसलो, चाळिशीतच म्हातारा झाला म्हणून. मी हे रिपोर्ट रोज टाईप करणारा, मी पण हसलो.

चार महिन्यांनी एमआरआय केला तेव्हा दोन्ही खुब्यांत अव्हॅस्क्युलर नेक्रोसिस, डावा चेंडू दबून चपटा व्हायला लागलेला, उजवा सुरुवातीला. सांगायचं म्हणजे खुब्याचं दुखणं बऱ्याचदा गुडघ्यात जाणवतं कारण दोन्हीकडं जाणाऱ्या काही नसा सामायिक आहेत. जांघेत दुखणं, मांडी घालता न येणं, उकिडवं बसता न येणं, लंगडणं, ही खरी लक्षणं. सुरुवातीला एक्स-रे नॉर्मल असतो, एमआरआयमध्येच दिसतं. कारणांत वर दोनच नावं, जास्त दिवस किंवा जास्त डोसचं स्टेरॉइड आणि दारू. कोविडनंतर आपल्याकडं असे पेशंट आल्याचं हाडांच्या डॉक्टरांनी नोंदवलं पण होतं. विदर्भ, नंदुरबारकडं सिकलसेल, म्हणजे रक्तपेशी विळ्यासारख्या वाकायचा आजार, हे कारण जास्त भेटतं. लहान पोरांत, चार ते आठ वयात, ह्याचा एक भाऊ आहे, पर्थेस, त्यात पोरगं फारसं रडत नाही, नुसतं लंगडतं.

चेंडू अजून गोल असेल तोवर आत भोक पाडून दाब कमी करायचं छोटं ऑपरेशन चालू शकतं. एकदा का चेंडू चपटा झाला की मग सांधा बदलणं. मामाचा डावा बदलला, उजव्याला भोक पाडलं. शिस्तीत चालतात आता, पुड्यांचं नाव काढलं तर शिवी देतात.

म्हणून स्टेरॉइड म्हणजे विष असं पण नको. बाळंतपणाच्या रिपोर्टात एक वाक्य येतं, नाळेतल्या धमनीत एंड डायस्टोलिक फ्लो अॅब्सेंट, आणि घरचे ‘फ्लो अॅब्सेंट’ एवढंच वाचून बाळाला रक्तच नाही असं धरून चालतात. तसं नाही ते. बाळाचं हृदय ठोका देतं, रक्त वारेकडं (प्लॅसेंटाकडं) जातं, दोन ठोक्यांच्या मधल्या विश्रांतीत पण ते थोडं पुढं सरकत राहायला पाहिजे. चढावर पाणी नेणारी मोटर बंद केल्यावर पाईपात जे होतं ते डोळ्यांसमोर आणा. पुढं चढ कमी असेल तर पाणी थोडं पुढं जातं, चढ वाढला की जागेवर थांबतं, लैच असेल तर मागं फिरतं. वारेतला अडथळा वाढला की तो मधला प्रवाह थांबतो, तो ‘अॅब्सेंट’, आणि मागं फिरला तर ‘रिव्हर्स’, तो जास्त वाईट. म्हणजे इथलं ‘नाही’ हे सेकंदाच्या तुकड्यापुरतं आहे, पण तो इशारा गंभीर आहे, अॅडमिट करून रोज बाळावर लक्ष ठेवतात, दिवस पुरे व्हायच्या आधीच बाळंतपण करायचं ठरतं. आणि तेव्हा बाळाची फुफ्फुसं लवकर तयार व्हावीत म्हणून आईला जे इंजेक्शन देतात ते स्टेरॉइडच असतंय, मोजके डोस, आणि त्यानं बाळं वाचतात. मामाची आठ महिन्यांची पुडी वेगळी आणि हे वेगळं.

तर त्या सकाळी. ताईंना आमच्या मॅडमनी आत बोलावून समजावलं, पाणी पाजलं, तीन महिन्यांनी परत दाखवायला या म्हणाल्या. आल्या त्या, गाठ गेली होती.

त्या ट्रॅक्टरवाल्याच्या मागं मात्र मी स्वतः जिना उतरून गेलो. आमचं काम टाईप करायचं, पेशंटला सांगायचं नाही, हे मला चौदा वर्षं बजावलंय. पण मामाची पंगत डोक्यात होती. चहाच्या टपरीवर बाकड्यावर बसला होता, डावा पाय लांब सोडून.

“दादा, रिपोर्ट आजच दाखवा डॉक्टरांना. निवांत नको.”

“अवो पण माझा गुडघा दुखतोय, ह्यांनी खुब्याचाच फोटू काढलाय. मी म्हटलं चुकलंच ह्यांचं.”

“मांडी पडती का?”

त्यानं ग्लास बाकड्यावर ठेवला, पाय जवळ ओढून बघितला, अर्ध्यावर अडकला. “सुगीपास्नं न्हाई पडत,” म्हणाला, आणि खिशातनं ते दुमडलेलं पाकीट बाहेर काढून सरळ करायला लागला.